काळी, पांढरी आणि वर्णपट : वास्तुद्रव्यांच्या एका वाचनपद्धतीची चिकित्सा

१

जुन्या वास्तूंच्या द्रव्यांचा अभ्यास करण्यासाठी वर्णपटीय प्रतिमांकनाची पद्धत गेल्या काही दशकांत पुढे आली आहे. भिंतीला ओरखडा न काढता, दगडाचा कणही न उचलता, ती भिंत कशाची आहे, तिच्यावर काय साचले आहे आणि ती कोठे झिजत आहे हे ही पद्धत सांगते, असे तिचे पुरस्कर्ते म्हणतात. हे म्हणणे बव्हंशी खरे आहे. तथापि ‘सांगते’ या क्रियापदात जेवढे गृहीत धरले जाते तेवढे सिद्ध झालेले नाही. उपकरण देते ते चिन्ह होय. त्याचा अर्थ दुसरीकडून आणावा लागतो. तो कोठून आणला जातो, आणि चांदूर रेल्वेसारख्या वऱ्हाडी गावातील भिंतींच्या बाबतीत तो कोठून आणावयास हवा, हा प्रस्तुत विवेचनाचा विषय आहे.

प्रश्न केवळ पद्धतिशास्त्राचा नाही. गढ्या, वाडे, वेशी आणि देवळे यांची डागडुजी कशाने करावयाची, हे द्रव्याच्या ओळखीवर ठरते. ओळख चुकली तर दुरुस्तीच नाशाला कारण होते. चुन्याच्या मऊ दरजांत कठीण सिमेंट भरले, की भिंतीतील ओल दरजांतून बाहेर पडू शकत नाही. ती विटेतून वाट काढते, क्षार विटेच्या पोटात साचतात, आणि काही पावसाळ्यांनंतर दरज शाबूत राहून वीटच झडू लागते. द्रव्य वाचण्यातील चूक अशी भिंतीवर उमटते.

२

पद्धतीचे तत्त्व सोपे आहे. दृश्य प्रकाश सुमारे ४०० ते ७०० नॅनोमीटर तरंगलांबीचा असतो. त्यापलीकडील अवरक्त किरण विल्यम हर्शेलने १८०० साली दाखवून दिले. प्रत्येक द्रव्य काही तरंगलांबींचा प्रकाश शोषते व काहींचा परत पाठविते. साधा कॅमेरा हा सर्व व्यवहार तीन रंगांत गुंडाळतो. वर्णपटीय कॅमेरा तो शेकडो अरुंद पट्ट्यांत मोजतो आणि प्रतिमेच्या प्रत्येक बिंदूसाठी परावर्तनाचा एक आलेख देतो. आलेखातील खळगे म्हणजे द्रव्याच्या खुणा. कॅल्साइटचा, म्हणजे जुन्या चुन्यातील मुख्य खनिजाचा, खळगा २३४० नॅनोमीटरच्या आसपास पडतो; काळ्या मातीतील फुगणाऱ्या चिकण खनिजांचा २२०० च्या सुमारास; हेमॅटाइटचा, म्हणजे तांबड्या गेरूचा, ८७० च्या आसपास. शेवाळातील हरितद्रव्य ६८० जवळ ओळखू येते.

ही विद्या प्रथम भूविज्ञानाच्या अंगणात वाढली. १९८० नंतरच्या दशकात अमेरिकेत विमानातून खनिजांचे नकाशे काढण्यासाठी तिचा वापर सुरू झाला. २०१५-१६ मध्ये भारतीय अंतराळ संशोधन संस्था व नासा यांनी मिळून तशीच मोहीम भारतावर राबविली. तिचा हा उगम ध्यानात ठेवावयास हवा; कारण पद्धतीच्या मर्यादा तेथूनच तिच्याबरोबर आल्या आहेत. डोंगराला घडविणारा हात नसतो. भिंतीला असतो.

३

आलेखावरून द्रव्य ओळखावयाचे म्हणजे तो आलेख आधी नोंदविलेल्या आलेखांशी ताडून पाहावयाचा. अशा नोंदींच्या संग्रहाला वर्णपटांचा कोश म्हणता येईल. अमेरिकेच्या भूवैज्ञानिक सर्वेक्षण संस्थेचा कोश सर्वांत प्रसिद्ध असून त्याची सातवी आवृत्ती २०१७ साली निघाली. खनिजे, माती, वनस्पती यांबरोबर मानवनिर्मित द्रव्यांचाही एक विभाग तीत आहे. संग्रह मोठ्या परिश्रमाचा आहे. परंतु कोणत्याही कोशाप्रमाणे तोही एका प्रदेशाचा आणि एका प्रयोजनाचा आहे. त्यातील वीट वऱ्हाडच्या भट्टीतील नव्हे, आणि त्यातील माती गढीची नव्हे.

येथे महानुभावांच्या सकळ लिपीचे उदाहरण उपयोगी पडेल. अमरावती जिल्ह्यातीलच रिद्धपूर येथे तेराव्या शतकाच्या अखेरीस ‘लीळाचरित्र’ सिद्ध झाले. पुढे या पंथाने आपले ग्रंथ सांकेतिक लिप्यांत लिहिले. त्या पोथ्यांतील अक्षरे पुसट नव्हती. डोळ्यांना स्वच्छ दिसत होती. तरीही किल्ली हाती येईपर्यंत पंथाबाहेरच्या अभ्यासकांना ती मुकी होती. विसाव्या शतकाच्या आरंभी संकेत उलगडला आणि मराठीच्या इतिहासाचे एक दालन उघडले. दिसणे आणि वाचणे यांतील हे अंतर कॅमेऱ्याची शक्ती वाढवून भरून निघत नाही.

पुरस्कर्ते आर्किमिडीजच्या पुसलेल्या हस्तलिखिताचा दाखला देतात. तेराव्या शतकात चर्मपत्रावरील जुना ग्रीक मजकूर खरवडून त्यावर प्रार्थना लिहिल्या गेल्या होत्या. १९९८ नंतरच्या दशकात निरनिराळ्या तरंगलांबींच्या प्रकाशात तो खालचा मजकूर पुन्हा दिसू लागला. दाखला उत्तम आहे, पण तो विरुद्ध बाजूस जातो. तेथे प्रतिमांकनाने शाई वेगळी केली. ग्रीक जाणणारे विद्वान आधीपासून उपस्थित होते. भिंतीच्या बाबतीत तिची भाषा जाणणारा कोण, हा प्रश्न बहुधा विचारलाच जात नाही.

४

कॅल्साइटचेच उदाहरण घेऊ. दरजेवर २३४० चा खळगा आढळला म्हणजे तेथे चुना आहे, असे म्हणण्याचा मोह होतो. परंतु सिमेंटही हवेतील कार्बन डायॉक्साइड शोषून काही वर्षांत आपल्या पृष्ठभागावर कॅल्साइट धारण करते. म्हणजे शंभर वर्षांपूर्वीच्या घाणीच्या चुन्याची दरज आणि तीस वर्षांपूर्वीच्या सिमेंटची डागडुजी या दोहोंचे पृष्ठभाग या एका खुणेपुरते समानार्थी ठरतात. ज्या ठिकाणी भेद करणे दुरुस्तीच्या दृष्टीने सर्वाधिक आवश्यक, नेमक्या त्याच ठिकाणी ही खूण मौन धरते. इतर खुणा, पोत, उष्णतेचे चित्रण आणि प्रत्यक्ष नमुना यांची जोड दिल्याशिवाय निर्णय होत नाही.

भाषेला ही अडचण परिचित आहे. एकाच जिल्ह्यात दोन चांदूर आहेत. म्हणून एक चांदूर रेल्वे आणि दुसरे चांदूर बाजार. नुसते ‘चांदूर’ म्हटल्याने गाव सापडत नाही. विशेषणाने ते ओळखू येते. ‘कॅल्साइट’ ही संज्ञा अशी विशेषणाविना उभी आहे. गवंड्याच्या बोलीत मात्र विशेषणे होती. चुनखडी भाजून केलेला, शेतातील कंकर भाजून केलेला, घाणीत मळलेला, सुरखी घातलेला, असे चुन्याचे भेद तो जाणत होता. कारण प्रत्येकाचे काम वेगळे होते. गूळ, बेलफळ, हिरडा, उडीद यांचे पाणी चुन्यात घालण्याची चाल होती. या सेंद्रिय द्रव्यांच्या खुणा १७०० व २३०० नॅनोमीटरच्या आसपास पडतात. त्यांपैकी दुसरी चुन्याच्याच खळग्यात बुडते, आणि मूळ प्रमाण अल्प असल्याने पहिलीही क्षीण असते. कॅमेऱ्याच्या अहवालात गूळ दिसत नाही. म्हणून तो भिंतीत नव्हता, असे अनुमान काढणे सर्वथा गैर होय.

५

दुसरी मर्यादा खोलीची. परावर्तित प्रकाश पृष्ठभागाच्या फार तर मिलिमीटरच्या अंशाइतक्या थराची वार्ता आणतो. अजिंठ्याच्या भिंती याची साक्ष देतात. तेथे काळ्या पाषाणावर मातीचा गिलावा, त्यावर पांढऱ्या रंगाचा पातळ थर आणि त्यावर चित्र, अशी रचना आहे. तांबडा व पिवळा गेरू, हिरवी माती, काजळी हे रंग बहुतांशी जवळपासच्या द्रव्यांतून सिद्ध झाले. निळा लाजवर्द मात्र दुरून आला. १९२० ते १९२२ या काळात निजाम सरकारने बोलाविलेल्या चेक्कोनी व ओर्सिनी या इटालियन तज्ज्ञांनी चित्रांच्या रक्षणासाठी लाखेचे रोगण वापरले. ते पुढे पिवळटले व काळवंडले. अशा थरातून येणाऱ्या आलेखात रंग आणि रोगण दोघेही बोलत असतात. रोगण निळा प्रकाश अधिक शोषते. हे विसरून केलेले वाचन मूळ रंगाविषयी नसून विसाव्या शतकातील उपचाराविषयी असते. शिवाय आधी रोगण सांभाळावे की काढावे हा संरक्षणाचा निर्णयही याच वाचनाशी निगडित आहे.

वेरूळचा अनुभव याला पूरक आहे. तेथील मातीच्या गिलाव्यात भांगेच्या रोपाचे तंतू मिसळलेले असल्याचे मॅनेजर सिंह व मिलिंद सरदेसाई यांनी २०१६ साली प्रसिद्ध केले. तो शोध सूक्ष्मदर्शक आणि अवरक्त वर्णपटमापन यांच्या साह्याने, प्रत्यक्ष नमुना हाती घेऊन, आणि त्या वनस्पतीचे ताजे नमुने शेजारी ठेवून लागला. भिंतीची प्रतिमा कितीही सूक्ष्म असती तरी गिलाव्याच्या पोटातील तंतू तिने दाखविला नसता. ओळख पटली ती तुलनेसाठी योग्य नमुना जवळ होता म्हणून. किल्ली वनस्पतिशास्त्राकडून आली.

६

वऱ्हाडकडे वळल्यास या दोन्ही मर्यादा एकवटलेल्या दिसतात. गावाची वस्तीची जागा ती पांढरी आणि कसणुकीची जमीन ती काळी, हा भेद मराठीत इतका मुरलेला आहे की ‘पांढरी’ या शब्दाने गावकरी मंडळींचाही बोध होतो. मोल्सवर्थच्या कोशाने हा अर्थ नोंदविला आहे. वरकरणी हे दोन रंगांचे शब्द. वस्तुतः ते द्रव्यांच्या गुणांचे वर्गीकरण आहे. काळी माती पाण्याने फुगते व उन्हाने भेगाळते. तिची भिंत टिकत नाही. पांढरी ही पिढ्यान्‌पिढ्यांच्या वस्तीतून झालेली: पडलेल्या भिंती, राख, चुना, खापराचे तुकडे, जनावरांचे मलमूत्र यांचा शतकांचा संचय. तिच्याच भिंती उठत, आणि धाब्याच्या छपरावर पाणी अडविण्यासाठी खारी पांढरी माती पसरीत.

आता हीच पांढरी वर्णपटीय कॅमेऱ्यापुढे ठेवावी. तीत राखेबरोबर कोळशाचे कण असतात. गडद द्रव्य अल्प प्रमाणात असले तरी ते फिकट द्रव्यांच्या खुणा दडपून टाकते, हा या शास्त्राचा सर्वमान्य सिद्धांत आहे. परिणामी पांढरीचा आलेख सपाट व संदिग्ध येतो आणि आज्ञावली तिला ‘मिश्र माती’ अशा नावाच्या खोक्यात टाकते. शेतकऱ्याने एका शब्दात जो भेद केला तो उपकरणाला शेकडो पट्ट्यांत सापडत नाही. दोष उपकरणाचा नाही. त्याच्या कोशात तो शब्द नाही.

काळ्या पाषाणाचीही स्थिती फारशी निराळी नाही. तो इतका थोडा प्रकाश परत पाठवितो की त्याच्या खुणा उथळ पडतात, आणि त्यावरील धूळ, शेवाळ, शेंदूर किंवा चुन्याचा हात हेच आलेखात ठळक होतात. उघड्यावर सूर्यप्रकाशात मोजमाप केल्यास हवेतील बाष्प १४०० व १९०० नॅनोमीटरजवळचा प्रकाश आधीच गिळते. नेमक्या तेथेच भिंतीतील पाण्याच्या खुणा असतात. म्हणून काम रात्री, स्वतःच्या दिव्याने आणि कोरड्या ऋतूत करावे लागते. वऱ्हाडात चैत्र-वैशाख त्यास योग्य. आषाढातील भिंतीचा आलेख हा मुख्यत्वे पाण्याचा आलेख होय.

चांदूर रेल्वेसारख्या गावाचे महत्त्व येथे कळते. १८६७ साली मुंबईहून निघालेला लोहमार्ग या मुलुखातून नागपूरला पोहोचला आणि दूरचा माल दाराशी येऊ लागला. काळ्या दगडाचे जोते, त्यावर पांढरीची भिंत, पुढे चुन्यातील वीटकाम, छपराला कवेलू आणि शेवटी सिमेंटची डागडुजी, असे थर अशा गावांत एकाच घराला असू शकतात. पूर्वी चांदूर तालुक्यातच मोडणारे वर्धाकाठचे कौंडण्यपूर तर प्राचीन वस्तीची पांढरीच आहे. मोरेश्वर दीक्षित यांचा तेथील उत्खननाचा अहवाल १९६८ साली निघाला. पाठभेदांनी भरलेली पोथी संपादकाला जशी मोलाची, तशी ही गावे द्रव्यांच्या अभ्यासकाला मोलाची. परंतु २०२५ साली जागतिक वारशाच्या यादीत गेलेल्या मराठ्यांच्या बारा किल्ल्यांत गाविलगड नाही, नरनाळाही नाही. मग गावच्या गढीची कथा काय? गढीची माती उकरून नेली जाते, आणि तिच्याबरोबर तिचा नमुनाही जातो.

७

या विवेचनावरून पद्धत त्याज्य ठरते असे नाही. तिचे तीन गुण निर्विवाद आहेत. ती वास्तूला इजा करीत नाही. ती एका बिंदूऐवजी सबंध भिंतीचा नकाशा देते. त्यामुळे नमुना कोठून घ्यावा हे अंदाजाने न ठरता विचाराने ठरते. आणि तेच मोजमाप पाच वर्षांनी पुन्हा करून झीज, क्षार व शेवाळ यांची वाढ ताडता येते. संरक्षणाच्या दृष्टीने हा तिसरा गुण सर्वांत मोठा होय. कारण त्यात द्रव्याचे नाव अचूक ठाऊक नसले तरी बदल कळतो.

मात्र क्रम उलटा असावयास हवा. आज आधी प्रतिमा घेतली जाते आणि मग परक्या कोशातून नाव शोधले जाते. वऱ्हाडपुरते तरी आधी कोश रचला पाहिजे. प्रत्येक नमुन्याच्या नोंदीत गाव, भिंतीवरील जागा, ऋतू, प्रयोगशाळेतील पृथक्करण आणि आलेख यांच्याबरोबर त्या द्रव्याचे गवंड्याच्या, वडाराच्या, बेलदाराच्या तोंडचे नाव आणि त्या नावाने तो कोणता भेद करतो, याची नोंद असावी. ही शेवटची दोन कलमे भौतिकशास्त्राच्या विभागाला भरता येणार नाहीत. ती बोलीच्या अभ्यासकांची आहेत, आणि चांदूर, तिवसा, धामणगाव या पट्ट्यातील पदव्युत्तर विद्यार्थ्यांच्या सहज आवाक्यातील आहेत. घाणीचा चुना मळलेली माणसे आता वृद्ध आहेत. आलेख पुढेही काढता येतील. हे शब्द मात्र आताच टिपून घ्यावयास हवेत.