जेत्यांची पोथी आणि ऑर्कांचे मौन

कल्पित जगाची पोथी वाचून आम्हाला काय करायचे आहे, असे चळवळीतला कार्यकर्ता विचारील. त्याने ते विचारलेच पाहिजे. जे. आर. आर. टॉल्किन (१८९२-१९७३) या इंग्रज लेखकाचा ‘द सिल्मरिलियन’ हा ग्रंथ त्याच्या मृत्यूनंतर, १९७७ साली, त्याचा मुलगा ख्रिस्तोफर याने संपादून प्रसिद्ध केला. सृष्टीच्या उत्पत्तीपासून राजवंशांच्या उदयास्तापर्यंतचा एक कल्पित इतिहास त्यात धर्मग्रंथाच्या सुरात सांगितला आहे. त्याच जगातील ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ या कादंबरीवरचे चित्रपट २००१ ते २००३ या काळात आले आणि आपल्या विद्यार्थ्यांपर्यंतही पोहोचले. जन्मावरून कोण थोर आणि कोण वध्य हे सांगणारा ग्रंथ कल्पित असला, तरी तो आपल्या विचाराचा विषय ठरतो. शिवाय पोथी कशी घडते हे कल्पित पोथीत अधिक स्वच्छ दिसते, कारण तिथे श्रद्धा दुखावल्याची ओरड होत नाही.

या जगाची रचना पाहावी. केंद्रस्थानी एल्फ नावाचे अमर, देखणे लोक. त्यांच्यातही ज्यांनी देवभूमीतील दोन वृक्षांचा प्रकाश पाहिला ते प्रकाशाचे एल्फ. ज्यांनी पाहिला नाही ते अंधाराचे. त्यांच्या खाली मर्त्य माणसे. माणसांतही एल्फांशी एकनिष्ठ राहिलेली तीन घराणी वर, पूर्वेकडून आलेले सावळे लोक खाली. सर्वांच्या तळाशी ऑर्क. ही जातिव्यवस्था नव्हे. तिथे विटाळ नाही, वंशपरंपरेने लादलेला धंदा नाही. पण प्रत्येकाच्या खाली कोणीतरी ठेवलेला आहे, हा डॉ. आंबेडकरांनी दाखवून दिलेला श्रेणीबद्ध विषमतेचा आकार आपल्याला ओळखू येतो.

हे ऑर्क आले कोठून? मेल्कोर या दुष्ट शक्तीने काही एल्फांना पकडले, अंधारकोठडीत डांबले, दीर्घकाळ छळ करून त्यांना विद्रूप केले. त्यांची संतती म्हणजे ऑर्क, असे एल्फांच्या ज्ञानी मंडळींचे मत ग्रंथ नोंदवतो. ते मनातून आपल्या धन्याचा द्वेष करतात, हेही तोच ग्रंथ सांगतो. म्हणजे ऑर्क हे मूळचे पीडित आणि पिढीजात गुलाम. तरीही लढाईमागून लढाईत ते कापले जातात आणि त्यांच्यासाठी कोणी एक ओळ शोक करीत नाही. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’मध्ये (१९५४-५५) एके ठिकाणी दोन ऑर्क नायक आपसात बोलतात. वरच्यांच्या जाचाला ते कंटाळले आहेत. युद्ध संपल्यावर चार विश्वासू साथीदार घेऊन, डोक्यावर धनी नसेल अशा जागी निघून जावे, असा त्यांचा बेत आहे. तिथे जाऊन लुटालूटच करायची, एवढीच त्यांची स्वप्ने. पण धनी नको, ही इच्छा गुलामाचीच असते. पवित्र पोथीत मात्र या संभाषणाला जागा नाही.

दुसरे उदाहरण मीम या बुटक्याचे. त्याचे लोक इतर बुटक्यांनी हाकलून दिलेले. एल्फांनी प्रथम त्यांची शिकार केली. हे कोण आहेत, हे आम्हाला ठाऊक नव्हते, एवढाच खुलासा. नार्गोथ्रॉन्डची गुहानगरी मुळात त्यांनी कोरायला घेतली. पुढे ती एल्फ राजाची राजधानी म्हणून गाजली. आमची जमीन आणि घरे चोरली, ही त्यांची तक्रार पोथी अर्ध्या वाक्यात, ‘असे ते म्हणत’ या शब्दांत उरकते. मीमने जीव वाचवण्यासाठी केलेला विश्वासघात मात्र सविस्तर येतो. शेवटी त्याच गुहेच्या भग्नावशेषांत तो मारला जातो आणि त्याची जमात संपते.

टॉल्किनला वंशवादी ठरवून मोकळे होणे सोपे आहे, पण ते न्याय्य नाही. १९३८ साली एका जर्मन प्रकाशकाने त्याला आर्य असल्याची खात्री मागितली, तेव्हा त्याने लिहिलेला संतप्त मसुदा उपलब्ध आहे. त्याची पोथी एल्फांची पापेही लपवत नाही. जहाजांसाठी त्यांनी आपल्याच भाऊबंदांची केलेली कत्तल तिने नोंदवली आहे. पण १९५८ च्या एका पत्रात ऑर्कांचे रूप सांगताना युरोपीय डोळ्यांना कुरूप वाटणाऱ्या मंगोल चेहऱ्याचा दाखला देणाराही तोच. जन्मतःच दुष्ट अशी जमात असू शकते का, हा प्रश्न त्याला अखेरपर्यंत छळत राहिला. ऑर्कांच्या उत्पत्तीची वेगवेगळी उत्तरे त्याने लिहून पाहिली. शरण आलेल्या ऑर्काला अभय दिले पाहिजे, असेही लिहिले. ही टिपणे १९९३ साली प्रसिद्ध झाली.

मग या पोथीत उणीव कशाची आहे? तिथे बळीराजा नाही. आपल्या पुराणांनी वामनाला अवतार केले आणि बळीला पाताळात घातले. तरी बलिप्रतिपदेला ओवाळताना बळीचे राज्य परत येवो, असे म्हणणाऱ्या बाया खेड्यापाड्यांत राहिल्या. जोतीराव फुल्यांनी १८७३ साली ‘गुलामगिरी’त अवतारकथा उलटून वाचल्या, तेव्हा ही जनस्मृती त्यांच्या पाठीशी होती. खऱ्या समाजात पोथीबाहेरही तोंडे असतात. टॉल्किनचे जग एका विद्वानाने टेबलाशी बसून रचले. त्यात भाषा, लिप्या, वंशावळी, नकाशे सारे आहे, पण हरलेल्यांची ओवी नाही. म्हणून मॉर्डॉरची बाजू मांडायला बाहेरचाच वाचक यावा लागला: १९९९ मध्ये किरिल येस्कोव या रशियन लेखकाने ती कादंबरी लिहिली.

ही पुस्तके आपल्या मुलांनी वाचू नयेत, असे मी म्हणणार नाही. वाचावीत, आणि प्रत्येक पोथीला तीन प्रश्न विचारावेत: ही कोणी लिहिली? यात कोणाचे मरण मोजले नाही? ज्याला राक्षस म्हटले, त्याचे म्हणणे किती ओळींत उरकले? कल्पित पोथीवर हा सराव झाला, म्हणजे घरच्या देव्हाऱ्यातली पोथी उघडताना हात कापणार नाहीत.