जब्बार पटेल यांचे अनुबोधपट : ‘हंस अकेला’च्या निमित्ताने

डॉ. जब्बार पटेल यांच्या चित्रपटीय कर्तृत्वाचा आढावा घेताना समीक्षक बहुधा ‘सामना’, ‘जैत रे जैत’, ‘सिंहासन’ आणि ‘उंबरठा’ या चार बोलपटांपाशी थांबतात. त्यांचे अनुबोधपट यादीच्या अखेरच्या ओळीत, तेही नावापुरतेच येतात. एस. एम. जोशी, तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी, कुसुमाग्रज, महाराष्ट्रातील किल्ले, भारतीय रंगभूमी, कुमार गंधर्व ही विषयांची माळ नुसती पाहिली तरी दोन बोलपटांमधील रिकामा वेळ भरून काढण्यासाठी हे काम झालेले नाही, हे ध्यानी यावे. आधुनिक महाराष्ट्राच्या विचारविश्वाचा व कलाविश्वाचा परिचय पुढील पिढीस करून देण्याचा हा दीर्घकाळ चाललेला उद्योग आहे. त्याची परीक्षा स्वतंत्रपणे व्हावयास हवी, आणि ती कौतुकावर भागणारी नाही.

या प्रकारास आपल्याकडे जे वळण लागले ते शासनाच्या फिल्म्स डिव्हिजनने लावले. १९४८ मध्ये स्थापन झालेली ही संस्था २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली. मधल्या काळात कित्येक दशके चित्रगृहांत मुख्य बोलपटापूर्वी असा पट दाखविणे परवान्याच्या अटीनुसार बंधनकारक होते. प्रेक्षक तेवढ्यात बाहेर चहा घेऊन येत असे, हा भाग वेगळा. या पटांत निवेदकाचा भारदस्त स्वर आधी आणि चित्र मागाहून, असा क्रम रूढ झाला. चित्राने बोलावयाचे ते निवेदनास दुजोरा देण्यापुरते.

पटेल हे रंगभूमीवरून आलेले दिग्दर्शक. १९७२ मध्ये ‘घाशीराम कोतवाल’ उभे करणाऱ्या या कलावंताचा विश्वास उच्चारलेल्या शब्दावर, आणि तो उच्चारणाऱ्या देहावर. साहजिकच त्यांनी निवेदकाचे माहात्म्य कमी करून चरित्रनायकाच्या बोलण्याकडे लक्ष वळविले. एस. एम. जोशी १९८९ मध्ये आणि तर्कतीर्थ १९९४ मध्ये निवर्तले. त्यांच्या उत्तरायुष्यातील वाणी व मुद्रा पटावर राहिल्या, एवढ्यानेही अभ्यासकांवर ऋण झाले आहे.

तथापि येथेच एक प्रश्न उपस्थित होतो. ‘सामना’त हिंदूराव धोंडे पाटील हा केवळ खलपुरुष नाही. त्याची बाजू, त्याची हुशारी, त्याने गावाचे केलेले भले हे सर्व मास्तराच्या प्रश्नांइतक्याच ताकदीने पडद्यावर येते, आणि म्हणूनच मास्तराचा प्रश्न झोंबतो. याचे श्रेय विजय तेंडुलकरांच्या संहितेस आहेच. परंतु नीळू फुले व श्रीराम लागू यांना तुल्यबळ ठेवण्याचे काम दिग्दर्शकाचे होते. शास्त्रकारांच्या परिभाषेत सांगावयाचे तर पटेल हे पूर्वपक्ष बलवान करून मांडणारे दिग्दर्शक आहेत. अनुबोधपटात मात्र हा पूर्वपक्ष दुबळा होतो. नायकाच्या शब्दाला उलट शब्द मिळत नाही.

तर्कतीर्थांचेच उदाहरण घ्यावे. वाईच्या प्राज्ञपाठशाळेतील शास्त्राध्ययन, अस्पृश्यतानिवारणाच्या कार्यात गांधीजींना दिलेला धर्मशास्त्रीय आधार, त्यानंतर मानवेंद्रनाथ रॉय यांचा सहवास, आणि अखेरीस साहित्य संस्कृती मंडळ व मराठी विश्वकोश ही शासकीय उत्तरदायित्वे : या चरित्रात प्रत्येक वळणावर एक वाद दडलेला आहे. आदराने ऐकणारा कॅमेरा अशा वळणावर थांबून विचारीत नाही; तो पुढील मुक्कामी जातो. हीच वृत्ती पुढे चरित्रात्मक बोलपटांतही उतरलेली दिसते. ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’ (२०००) या सुमारे तीन तासांच्या चित्रपटात मामुट्टी यांचा अभिनय अनेक प्रसंगांस उंचीवर नेतो, परंतु काहीच सुटू नये या दक्षतेमुळे एक प्रसंग मुरण्यापूर्वी दुसरा येऊन उभा राहतो. ‘यशवंतराव चव्हाण : बखर एका वादळाची’ (२०१४) मध्ये ही घाई अधिकच जाणवते. शिक्षकाने दिग्दर्शकावर मात केली, असे म्हणावे लागते.

‘हंस अकेला’ या पटाचे वेगळेपण या पार्श्वभूमीवर उठून दिसते. कुमार गंधर्व १२ जानेवारी १९९२ रोजी देवासला निवर्तले आणि हा पट त्यानंतर दशकाहून अधिक काळाने झाला. ज्याला बोलते करावयाचे तोच नाही, अशी अडचण प्रथमच पटेल यांच्यापुढे आली. या अडचणीने त्यांचे भले केले, असे आमचे मत आहे. आता नायकाचे प्रतिपादन उरले नव्हते, ध्वनिमुद्रित गाणे तेवढे उरले होते. गाण्याला निवेदनाचा दुजोरा लागत नाही. ते ऐकावे लागते.

आणि ऐकण्याची ही तालीम पटेल यांना सोलापुरात मिळाली होती. पंढरपूरचा जन्म, हरिभाई देवकरण प्रशालेतील शिक्षण, आणि प्रा. श्रीराम पुजारी यांच्या घरातील वास्तव्य, हा त्यांच्या चरित्रातील भाग आपल्याकडे अभिमानाने सांगितला जातो. पुजारी यांच्याकडे कुमारांचे येणेजाणे होते. शाळकरी वयात ज्याने हे गाणे जवळून ऐकले, त्याला ‘हा गायक थोर का?’ हे माहितीच्या आधारे सिद्ध करण्याची गरज उरत नाही. पटातील उत्तम जागा याच, जेथे साक्षीदार गप्प होतात आणि स्वर पुढे होतो.

असे असूनही जुनी खोड पुरती गेलेली नाही. कुटुंबीय, शिष्य, चाहते यांच्या आठवणी हृद्य आहेत. पण साक्षीदार बहुतांशी स्नेहमंडळातीलच आहेत. घराण्याची शिस्त मानणाऱ्यांनी कुमारांवर जे आक्षेप घेतले ते क्षुद्र नव्हते. राग ही गुरुमुखातून आलेली ठेव, की लोकधुनेतून पुन्हा पुन्हा उगवणारी वस्तू, असा तो मूलगामी वाद होता. क्षयाने अंथरुणास खिळले असता माळव्यातील बायकांची गाणी कुमारांच्या कानी पडत राहिली, पुढे त्यांनी त्या धुना जमविल्या आणि मालवती, सहेली तोडी यांसारखे धुनउगम राग सिद्ध केले. ‘अनूपरागविलास’ हा ग्रंथ १९६५ मध्ये आला. हा सारा व्यापार म्हणजे त्या आक्षेपांना दिलेले उत्तरच होय. आक्षेपच जोराने मांडला नाही, तर प्रेक्षकाच्या हाती उरते ती आजारातून उठलेल्या गायकाची करुणरम्य कथा, आणि एका फुप्फुसामुळे गायकी अशी झाली हा सोपा समज. विद्यार्थ्यांस गाणे शिकविण्याच्या दृष्टीने हा समज घातक आहे. कारण त्यात कुमारांच्या बुद्धीचे श्रेय रोगाला जाते.

आमच्या विभागातील अभ्यासकांनी ‘सामना’तील हिंदूराव व मास्तर यांच्या भेटीचा एखादा प्रसंग आणि ‘हंस अकेला’तील आठवणींचा एखादा भाग लागोपाठ पाहावा. त्यानंतर कुमारांची मालवती स्वतंत्रपणे ऐकावी, आणि पट पुन्हा एकदा लावावा. दुसऱ्या वेळी कोणती साक्ष अनावश्यक वाटते, हे ज्याचे त्याने टिपून ठेवावे.