मोशन कॅप्चर : आंगिक की आहार्य?

नटाच्या अंगचालनाची संवेदकांच्या द्वारे नोंद घेऊन तिच्या आधारे कृत्रिम आकृतीस गती देणे, या तंत्रास मोशन कॅप्चर अशी संज्ञा आहे. चित्रपटात ते रुळले आहे. परंतु रंगभूमीवर त्याचा अवलंब होताच अभिनयविचारापुढे एक मूलभूत प्रश्न उभा राहतो. ही आकृती आंगिक अभिनयात मोडते, की आहार्यात?

दोन प्रयोगांच्या तुलनेने हा प्रश्न स्पष्ट होतो. मर्स कनिंगहॅम यांच्या ‘बायपेड’ (१९९९) या नृत्यरचनेसाठी पॉल कायझर व शेली एश्कर यांनी नर्तकांच्या हालचाली आधीच नोंदवून त्यांपासून आकृती सिद्ध केल्या; प्रयोगसमयी त्या पुढील पारदर्शक पडद्यावर उमटत आणि नर्तक त्यामागे नाचत. उलट, रॉयल शेक्सपिअर कंपनीने इंटेल व इमॅजिनेरियम स्टुडिओज यांच्या सहकार्याने २०१६ मध्ये स्ट्रॅटफर्ड येथे सादर केलेल्या ‘द टेम्पेस्ट’मध्ये एरिअलची भूमिका करणाऱ्या मार्क क्वार्टली यांच्या वेषातच संवेदक होते, व त्यांच्या हालचालींनुसार एरिअलची प्रतिमा त्याच क्षणी प्रक्षेपित होई.

तंत्रदृष्ट्या दुसरा प्रयोग पुढचा, यात संशय नाही. तथापि तात्कालिकता हा यंत्राचा गुण होय. तो प्रेक्षकाच्या प्रतीतीस येतोच असे नाही. धूमावरून अग्नीचे अनुमान करावयाचे, तर उभयतांचे साहचर्य आधी ठाऊक असावे लागते. प्रतिमा हे नटाच्या हालचालीचे असेच निर्देशक चिन्ह आहे. हा संबंध प्रत्यक्ष दिसला नाही, तर तात्कालिक प्रतिमा व पूर्वमुद्रित चित्र यांत प्रेक्षकाच्या लेखी भेद उरत नाही. दिग्दर्शक ग्रेगरी डोरन यांनी नटाला प्रतिमेसह रंगमंचावर दृश्य ठेवले, ते याचसाठी उचित ठरते. परंतु त्यामुळेच दृष्टी द्विधा होते : वाणी नटाची, भव्यता प्रतिमेची. तिसऱ्या अंकात एरिअल हार्पीचे रूप घेऊन अपराध्यांना धाक घालतो, तेथे विशाल प्रतिमा नाट्यहेतूस पोषक आहे. कारण ते संहितेनेच सांगितलेले सोंग आहे. पाचव्या अंकात मात्र तोच एरिअल प्रॉस्परोच्या मनात बंदिवानांविषयी करुणा जागवितो. तेथे सारा भार सात्त्विक अभिनयावर पडतो, आणि तो वाहण्यास कोणतीही प्रतिमा असमर्थ आहे.

‘बायपेड’ तात्कालिकतेचा दावाच करीत नाही; देह आणि देहाची नोंद यांतील अंतर हेच तिचे सौंदर्य. सारांश, प्रतिमेचे वर्गीकरण यंत्राच्या वेगावर अवलंबून नाही. नटाचे कर्तृत्व तिच्यातून प्रतीत झाले तर ती आंगिक. एरव्ही ती नेपथ्याइतकीच आहार्य समजावी.