मोहिनी आणि कमलाबाई

कोसाडच्या स्थानकावरून मुंबईच्या दिशेने निघाले, की सुरत व उधना ओलांडल्यावर सचिन लागते. तेथील नवाबांची कन्या झुबेदा हिचा जन्म १९११ साली सुरतेचा. ‘आलम आरा’ (१९३१) या आपल्या पहिल्या बोलपटाची ती नायिका. तिची आई फातमा बेगम १९२२ च्या ‘वीर अभिमन्यू’त दिसली आणि १९२६ मध्ये तिने ‘बुलबुल-ए-परिस्तान’चे दिग्दर्शनही केले. परंतु या मायलेकींच्या कितीतरी आधी, १९१३ सालीच, आपल्या भाषेतील एक आई आणि लेक पडद्यावर येऊन गेल्या होत्या. त्यांची नावे दुर्गाबाई कामत व कमलाबाई. विवाहानंतर कमलाबाई गोखले झाल्या.

‘राजा हरिश्चंद्र’साठी दादासाहेब फाळके यांना स्त्री मिळाली नाही आणि तारामती साळुंके नावाच्या पुरुषाने उभी केली, ही कथा सर्वश्रुत आहे. त्याच वर्षी नाशिकास निघालेल्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये मात्र दुर्गाबाई पार्वती झाल्या आणि तेरा वर्षांची कमला मोहिनी. ‘पहिल्या अभिनेत्री’ एवढे म्हणून आपले लेखक येथेच थांबतात. प्रस्तुत लेखकास हे थांबणे अन्यायाचे वाटते.

कारण भूमिका कोणती होती, हे पाहावयास हवे. मोहिनी म्हणजे स्त्रीरूप धारण केलेला साक्षात विष्णू. म्हार्दोळच्या म्हाळसा नारायणीचे दर्शन घेणाऱ्या आपल्या वाचकांस हे रूप समजावून सांगण्याचे कारण नाही. पुरुषाने स्त्रीवेष घेण्याची आपल्या रंगभूमीची जी रूढी, तिला या कथेइतका सोयीचा आधार दुसरा कोणता मिळाला असता? येथे तर देवच स्त्रीपार्टी! आणि नेमक्या याच भूमिकेत खरीखुरी स्त्री उभी राहिली. भस्मासुराला आपलाच हात आपल्या मस्तकी ठेवावयास लावते ते मोहिनीचे नृत्य. शब्द नसलेल्या चित्रपटात सारा भार हालचालीवर. तो त्या मुलीने कसा पेलला, हे आज सांगता येत नाही, कारण तो चित्रपट आपण जतन केला नाही. समीक्षकाला जेथे बोलावयाचे, तेथेच त्याच्या हाती काही नाही.

पडद्यावरील ते पाऊल लहान वयातले. पुढची वाटचाल दीर्घ. पती रघुनाथराव गोखले यांच्या निधनानंतर तीन मुलगे वाढवीत कमलाबाई रंगभूमीवर आणि पडद्यावर कामे करीत राहिल्या. १९८० च्या ‘गहराई’पर्यंत त्यांचे नाव श्रेयनामावलीत सापडते. पुत्र चंद्रकांत गोखले अभिनेते झाले, लालजी व सूर्यकांत तबलावादक. नातू विक्रम गोखले यांना तर दूरदर्शनसंचामुळे घरोघर ओळखतात. घराण्याची कीर्ती सांगताना आजीचे नाव प्रस्तावनेपुरते उरते, हे काही बरे नव्हे.

रीना मोहन यांनी नव्वदीतल्या कमलाबाईंवर पुण्यात केलेला ‘कमलाबाई’ हा माहितीपट म्हणूनच मोलाचा. त्यात बाईंना पूज्य मूर्ती करून मखरात बसविलेले नाही. त्या बोलतात, आठवतात आणि संधी मिळताच अभिनय करू लागतात. १९१३ ची मोहिनी हरवली. तथापि कमलाबाईंचा चेहरा व वाणी येथे तरी उरली आहे. ज्यांना तो मिळेल, त्यांनी चरित्रापेक्षा त्या अभिनयाकडे लक्ष देऊन पाहावा.