मोटोरिक: नाव यंत्राचं, हात माणसाचा

मघाशी आपण 'हालोगालो' ऐकलं. ड्युसेलडॉर्फच्या 'नॉय!' या जोडीच्या १९७२च्या पहिल्या अल्बमची ही सुरुवात. जवळपास १० मिनिटं क्लाउस डिंगर एकच ठेका धरून बसलाय: चार मात्रा, दुसरी-चौथीवर स्नेअर, वर हाय-हॅटची टिकटिक. समीक्षकांनी याला 'मोटोरिक' म्हटलं, आणि मग जो तो मोटारी, कारखाने, ऑटोबान यांवरच बोलू लागला. आम्हाला हे नाव खटकतं. खुद्द डिंगरलाही ते रुचत नव्हतं. तो 'आपाचे ठेका' म्हणायचा.

नीट ऐका ना! हात कधी जरा जोरात पडतो, मध्येच एखादा तुकडा येऊन जातो. आपल्या कानाला समेची सवय. इथे सम गाठायचीच नाहीये. म्हणून तर मिखाएल रोदरची गिटार इतकी निवांत तरंगू शकते.

यंत्र कसं वाजतं तेही याच जोडीकडे सापडतं. १९७३च्या दुसऱ्या अल्बमच्या वेळी पैसे संपले, तेव्हा यांनी आपल्याच सिंगलची गाणी कमी-जास्त वेगानं फिरवून दुसरी बाजू भरली. काहींना त्यात रीमिक्सची चाहूल लागते. लागो बापडी, आम्हाला तिथे ठेका मेलेला वाटतो, कारण वेग बदलला तरी वाजवणारा तिथे उरलेलाच नाही.

'कॅन'च्या याकी लीबेत्साइटलाही याच नावाखाली कोंबतात. त्याचे ठेके फार वळणाचे. ते पुढच्या खेपेला ऐकू.