कोणते इंगळे? : मराठी साहित्यातली किरायाची खोली

दलित साहित्यावरच्या समीक्षेत ‘गावकूस’ हा शब्द इतक्यांदा येतो की आता तो विचार न करताच लिहिला जातो. त्याला कारण आहे. आमच्या बुलढाणा जिल्ह्यातल्या वामन निंबाळकरांनी आपल्या संग्रहाला ‘गावकुसाबाहेरील कविता’ हेच नाव दिले. दया पवारांचा ‘कोंडवाडा’, नामदेव ढसाळांचा ‘गोलपिठा’, माधव कोंडविलकरांचे ‘मुक्काम पोस्ट देवाचे गोठणे’, लक्ष्मण मानेंचे ‘उपरा’ ही नावे शेजारी ठेवली, तर पोस्टमनच्या हातातल्या गठ्ठ्यासारखी दिसतात. प्रत्येक नाव माणसाला कुठे राहू दिले हे सांगते, किंवा तो कुठलाच नव्हता हे तरी. तरीही जागेविषयीची आपली समीक्षा वेशीपाशीच अडून बसली. माणूस वेस ओलांडून शहरात आला, नोकरीला लागला आणि संध्याकाळी खोली शोधायला निघाला. त्या संध्याकाळविषयी मराठीत लेखन आहे, पण त्याचे वाचन झालेले नाही.

वऱ्हाडात भाडे म्हणत नाहीत, किराया म्हणतात. अकोला-अमरावतीत किरायाची खोली मागायला गेलेल्याला पहिला प्रश्न आडनावाचा येतो. गंमत अशी की इकडची बरीच आडनावे कुणब्यांत आहेत तशी बौद्धांतही आहेत. इंगळे, वानखडे ही त्यातली ठळक. त्यामुळे एका प्रश्नाने घरमालकाचे काम भागत नाही. तो विचारतो, “इंगळे म्हंजे कोन्ते इंगळे?” मग गाव, मग गावातला मोहल्ला, मग खाणे. माझेही आडनाव असेच दोन्हीकडे चालणारे आहे. जिनिंगमध्ये हिशेब लिहिण्याच्या नोकरीत तेवीस वर्षे गेली आणि त्यात सात खोल्या बदलल्या, तेव्हा या प्रश्नांचा क्रम मला पाठ आहे. मी विद्यापीठातला नाही. पण या एका विषयात क्षेत्रकार्य करायला मला बाहेर जावे लागले नाही.

हा क्रम मराठी कथेत पहिल्यांदा नेमका पकडला तो बाबूराव बागुलांनी. ‘जेव्हा मी जात चोरली होती!’ हा संग्रह १९६३ सालचा. त्यातल्या शीर्षककथेचा निवेदक रेल्वेच्या नोकरीसाठी गुजरातेत उधन्याला जातो. त्याला खोली हवी असते आणि खोलीच्या आधी जातीचा प्रश्न येतो. तो दुसरी जात सांगत नाही. नव्या भारताच्या भाषेत बोलून तो प्रश्नच उडवून लावतो, आणि ऐकणारा आपल्या सोयीचा अर्थ काढतो. या कथेवर बोलताना शेवटच्या मारहाणीवर भर दिला जातो. मला शीर्षकातले क्रियापद महत्त्वाचे वाटते. निवेदकाने कुणाचे काही उचललेले नाही. त्याने फक्त एक माहिती दिली नाही. तरी तो स्वतःच तिला चोरी म्हणतो. घरमालकाचा कायदा त्याच्या तोंडी बसला आहे, आणि बागुल तो तसाच बसलेला दाखवतात. या कथेत काशिनाथही आहे. तो जात लपवत नाही, म्हणून त्याला खोली मिळत नाही. निवेदकाला खोली मिळते, पण तिच्यात तो एक रात्रही मोकळेपणी झोपू शकत नाही. दोघांपैकी बेघर कोण, हा प्रश्न कथा उघड विचारत नाही. पण त्याशिवाय ती वाचणे म्हणजे ती मारामारीची गोष्ट करून टाकणे.

बागुलांच्या मागे आणखी एक खोली आहे. डॉ. आंबेडकर शिकून परतले आणि १९१७ साली बडोद्याला नोकरीवर रुजू झाले, तेव्हा त्यांना राहायला जागा मिळेना. ते पारशी नाव घेऊन एका पारशी उतारगृहात राहिले. अकराव्या दिवशी काठ्या घेऊन आलेल्या पारशांनी त्यांना बाहेर काढले. ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’ या इंग्रजी आठवणींत त्यांनी हे लिहिले आहे. काठ्यांचा प्रसंग सगळ्यांना माहीत असतो. त्यानंतरचा भाग कमी सांगितला जातो. ते दोन मित्रांकडे गेले, एक हिंदू, एक ख्रिस्ती. हिंदू मित्र म्हणाला की तुम्ही आलात तर घरातले नोकर निघून जातील. ख्रिस्ती मित्राला आधी पत्नीला विचारायचे होते. दोघांनीही नाही म्हटले नाही. बाबासाहेब उठले, संध्याकाळपर्यंत कामाठी बागेत बसले आणि रात्रीच्या गाडीने मुंबईला निघाले. काठीवाल्यांशी भांडता येते. नोकरांचे कारण सांगणाऱ्या मित्राशी काय भांडणार? शहरातल्या जातीचे व्याकरण या दोन मित्रांच्या बोलण्यात आहे.

म्हणूनच की काय, खोलीच्या नावाने सत्याग्रह झाल्याचे आठवत नाही. पाण्याला महाड लाभले. देवळासाठी त्याच १९२७ साली आमच्या अमरावतीत अंबादेवी मंदिराचा प्रश्न उभा राहिला आणि परिषदेसाठी बाबासाहेब इथे आले. तळे आणि देऊळ सगळ्यांसमोर असते, तिथे हजार माणसे एकदम चालत जाऊ शकतात. खोलीचा नकार एकट्याला, दारात, हळू आवाजात मिळतो. १९५५च्या अस्पृश्यताविरोधी कायद्याने कोणत्याही वस्तीत घर घेण्यास वा राहण्यास अस्पृश्यतेच्या कारणाने मज्जाव करणे गुन्हा ठरवले. पण “आमच्या घरी पाहुणे येणार हायेत” हे कारण कोर्टात कसे खोडणार? पुढे २००५ साली सर्वोच्च न्यायालयाने अहमदाबादच्या एका गृहनिर्माण संस्थेचे सदस्यत्व फक्त पारशांपुरते ठेवणारी उपविधी वैध ठरवली. बडोद्याची आठवण वाचलेल्या माणसाला हा निकाल सरळपणे वाचता येत नाही.

आता सवर्ण मध्यमवर्गाच्या घरांकडे वळतो. ‘बटाट्याची चाळ’ मी अनेकदा वाचली आहे आणि दर वेळी हसलो आहे. पण तिच्या बिऱ्हाडकरूंची नावे घ्या : त्रिलोकेकर, पावशे, रेगे, बर्वे, कोचरेकर मास्तर. या चाळीत खोलीसाठी जात विचारल्याचा प्रसंग नाही, कारण तो प्रश्न खोली देतानाच मिटलेला आहे. पु. लं.वर हा ठपका नाही. त्यांनी होती तीच चाळ लिहिली. ‘बलुतं’मधला कावाखाना त्याच मुंबईतला आहे. ही दोन पुस्तके अभ्यासक्रमात वेगवेगळ्या कप्प्यांत ठेवणाऱ्यांना मात्र जाब विचारायला हवा. चाळीचे हसू आणि कावाखान्याची दाटी एकाच शहराच्या एकाच भाडेपद्धतीतून आलेली आहेत.

अमेरिकेत शिकून आलेल्या डॉ. म. ना. वानखेडे यांच्यामुळे काळ्या लेखकांच्या साहित्याशी आपली तुलना सुरू झाली. आपण तिथून विद्रोह घेतला, पँथर हे नाव घेतले. घर मात्र तिथेच राहिले. लोरेन हॅन्सबेरीच्या ‘अ रेझिन इन द सन’ (१९५९) या नाटकात काळे कुटुंब गोऱ्या वस्तीत घर विकत घेते, तेव्हा वस्तीच्या वतीने एक सभ्य गृहस्थ येतो आणि येऊ नका, पैसे देतो म्हणतो. लेखिकेच्या वडिलांचा अशाच घराचा दावा १९४० साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयात गेला होता. तो गृहस्थ आणि बडोद्याचा मित्र मला एकाच घरातले वाटतात.

आमच्याकडे या प्रश्नाचे पहिले उत्तर पुस्तकातून आले नाही. ते अमरावती जिल्ह्यातल्या शेंडगावच्या गाडगेबाबांनी विटा-चुन्यात दिले. पंढरपूरच्या वारीतही काहींना टेकायला जागा मिळत नाही हे पाहून त्यांनी तिथे चोखामेळा धर्मशाळा बांधली, आणि १९४९ साली ती बाबासाहेबांच्या शिक्षणसंस्थेला देऊन टाकली. नाव चोखोबाचे, दारावर उघड. बागुलांचा निवेदक इथे आला असता तर त्याला काही चोरावे लागले नसते. पण धर्मशाळा म्हणजे मुक्काम. शेजार त्याहून वेगळा असतो, आणि तो बांधून देता येत नाही.

डिसेंबर २०२०मध्ये राज्य सरकारने वस्त्यांची जातिवाचक नावे बदलण्याचा निर्णय घेतला. महारवाड्याच्या जागी समतानगर, भीमनगर अशी नावे आली. निर्णय योग्यच होता. पण अकोल्यातला घरमालक आता पत्त्यातले ‘समतानगर’ वाचून पुढचे प्रश्न वाचवतो. मुसलमान किरायदाराच्या बाबतीत तर नावाच्या पुढे जाण्याचीही गरज पडत नाही; त्याची खोली मराठी कथेत आणखीच दुर्मीळ.

अमरावतीत स्पर्धा परीक्षांसाठी राहणाऱ्या काही मुलींशी मी अलीकडे बोललो. एकीने सांगितले की ती फक्त नाव सांगते, आडनाव विचारेपर्यंत थांबते, आणि बाबासाहेबांचा फोटो ट्रंकेत ठेवते. तिची गोष्ट अजून कुणी लिहिलेली नाही. जो कोणी लिहील त्याने घरमालकीणबाईला कर्कश करू नये. बाईंनी तिला आत बोलावले होते, खुर्ची दिली होती, चहा ठेवला होता. चहा पिऊन झाल्यावर त्यांनी विचारले, “कोन्ते वानखडे म्हनायचे, बेटा?”