गतध्वनींचे यंत्र आणि तिगावची बोली

भूतकाळातील नाद पुन्हा ऐकविणारे एखादे जादूचे यंत्र असावे, ही कल्पना कथाकारांस फार दिवस मोहवीत आली आहे. यंत्र भिंतीस टेकवावे आणि पणजीचा आवाज कानी यावा! चार्ल्स बॅबेज या इंग्रज गणितज्ञाने तर 1837 मध्ये असे प्रतिपादिले की, उच्चारलेला प्रत्येक शब्द हवेत कायमचा उमटून राहतो. हवा हेच एक अफाट ग्रंथालय होय. पुढे 1877 मध्ये एडिसनच्या फोनोग्राफाने या स्वप्नाचा एक लहानसा अंश खरा केला. कल्पनेतील काव्य आम्हांस मान्य आहे. परंतु तिच्या पोटी एक गृहीत दडले आहे: आवाज टिकला म्हणजे बोलणे टिकले. ते आम्हांस तपासून पाहावेसे वाटते.

कसोटीसाठी आम्ही तिगाव घेतो. पांढुर्ण्यानजीकचे, नागपूर-इटारसी लोहमार्गावरील हे गाव. पांढुर्णा आणि सौंसर हा संत्र्यांच्या बागांचा मुलूख मराठी बोलणारा. 1956 च्या राज्यपुनर्रचनेत विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात गेले आणि हा मुलूख मध्य प्रदेशात राहिला. इकडच्या वऱ्हाडी-नागपुरी वळणाच्या बोलीत 'मला' याचे 'मले' होते. घरात आणि शेतात मराठी, कचेरीत हिंदी, अशी येथील वाटणी. अशा गावी ते यंत्र आणले, तर त्यातून काय निघावे?

यंत्र काल्पनिक खरे. पण त्याचा एक सरकारी अवतार आपल्या देशात होऊन गेला आहे. सर जॉर्ज ग्रिअर्सन यांच्या भाषा-पाहणीच्या अनुषंगाने 1913 ते 1929 या काळात अनेक प्रांतांतील बोलींच्या ग्रामोफोन तबकड्या तयार झाल्या. त्यांपैकी पुष्कळांत बायबलातील उधळ्या पुत्राचा दृष्टान्त त्या त्या बोलीत सांगितलेला आहे. हीच कथा का? तर तिच्यात तिन्ही पुरुषांची सर्वनामे, बहुतेक विभक्ती आणि क्रियापदाचे तिन्ही काळ एकत्र सापडतात म्हणून. व्याकरणाच्या दृष्टीने निवड चोख होती. लिपीत न मावणारे स्वराचे हेलकावे या तबकड्यांनी राखले, हे त्यांचे ऋण कोणी नाकारू नये. तथापि ऐकताना एक उणीव जाणवल्यावाचून राहत नाही. बोलणारा कोणाशीच बोलत नसतो. घर सोडून गेलेला त्याचा मुलगा नसतो, वाट पाहणारा बाप तो नसतो. समोर केवळ कर्णा असतो. उच्चार हाती लागतो, बोलणे निसटते.

याउलट जात्यावरच्या ओव्या पाहा. हेमा राईरकर आणि गी प्वातव्हँ यांच्या पुढाकाराने महाराष्ट्रातील खेड्यांतून अशा एक लाखाहून अधिक ओव्या लिहून घेतल्या गेल्या आणि त्यांतील काही हजार ध्वनिमुद्रितही झाल्या. येथे गाणारी बाई नावागावासह उभी राहते. ती भावास, आईस, क्वचित जात्यासच उद्देशून गाते. व्याकरणासाठी तिने एकही शब्द निवडलेला नाही. म्हणून हे मुद्रण आम्हांस श्रेष्ठ वाटते. यंत्र दोन्हीकडे आहेच. फरक एवढाच की, एकीकडे यंत्रासाठी माणूस बोलला आणि दुसरीकडे माणसासाठी गायिलेले यंत्राने टिपले.

परंतु आमचा आक्षेप याहून खोल आहे. तिगावच्या भिंतीतून उद्या पणजीचा आवाज निघाला आणि पणतूस 'मले' हा शब्दच परका वाटला, तर तो आवाज कोणाचा? समजणारा कान नसेल, तर पाखरांचा कलकलाट आणि पूर्वजांचा शब्द यांत भेद उरत नाही.

कोकणीचा इतिहास या बाबतीत बोलका आहे. 1684 मध्ये गोव्याच्या पोर्तुगीज व्हाइसरॉयने, आल्व्होरच्या काउंटाने, लोकांनी तीन वर्षांच्या आत कोकणी सोडून पोर्तुगीज बोलावे, असे फर्मान काढले. त्या काळी ना तबकडी होती, ना फोनोग्राफ. तरीही पाळण्यापाशी आणि शेताच्या बांधावर कोकणी चालतच राहिली. हीच भाषा पुढे ग्रिअर्सनच्या पाहणीने 1905 च्या सातव्या खंडात मराठीच्या पोटात घातली आणि साहित्य अकादमीने 1975 मध्ये स्वतंत्र मानली. फर्मानाने ती मेली नाही, वर्गीकरणाने अडली नाही. आईने हाक मारली आणि लेकराने त्याच भाषेत ओ दिली, एवढ्यावर ती तगली.

म्हणून जादूच्या यंत्राविषयी आमचा अभिप्राय असा की, ते मिळाले तर जरूर घ्यावे, मात्र त्याच्या भरवशावर राहू नये. तिगावात जाऊन म्हाताऱ्यांची बोली मुद्रित करणे अगत्याचे आहे. पण ते मुद्रण प्रथम गावातल्याच पोरांस ऐकवावे. त्यांतले एखादे पोर मध्येच 'अजून सांग' म्हणाले, तरच भिंत बोलली असे आम्ही समजू.